माळ्यावरची स्टुलं

आमच्या आईने कापडदुकानात दिवसभर उभं राहून आम्हा बहिणींना शिकवलं. तिचे सुजलेले पाय चेपत धाकटी कामगार कायद्याची प्राध्यापक झाली, पुढे आमदार झाली, आणि दुकानातल्या बायकांना बसायला स्टूल द्यायचा कायदा तिने भांडून करून घेतला.

मग निरीक्षकाला घेऊन ती त्याच दुकानात गेली. मीही होते. मालकाने लगबगीने खुर्ची पुढे केली.

"या पोरींची स्टुलं कुठायत?"

"माळ्यावर आहेत की, ताई! यांना बसायची सवयच नाही."

"मग मलाही नाही," म्हणत तिने उभ्यानेच खटला भरायला लावला.

पुढच्या निवडणुकीत पक्षाने तिचं तिकीट कापलं आणि त्याच मालकाला दिलं! पोरी अजून उभ्याच आहेत. देवापुढे हात जोडते तेव्हा मी हेच त्याला रोज ऐकवते.