दिवेलागणीचे काका

चाळिशीत मी चित्रकलेच्या वर्गात नाव घातलं. दर रविवारी नांदुऱ्याहून गाडी धरून शेगावला जायचो. वाट्या, मडकी, केळी काढून काढून मला वीट आला होता. एका रविवारी सरांनी बजावलं, "पुढच्या रविवारी छायाप्रकाशात माणूस काढून आणा, नाहीतर परीक्षेला बसवणार नाही." मला तर परीक्षा द्यायचीच होती.

घरात माझ्याशिवाय माणसं दोनच, काका आणि काकू. काका एका पायावर तयार झाले. बेत साधा होता. खोलीत अंधार करायचा आणि काकांच्या एका बाजूला टेबल-लॅम्प ठेवायचा, म्हणजे अर्धा चेहरा उजेडात, अर्धा सावलीत. मला वेळ मिळायचा तो नोकरीवरून आल्यावर, संध्याकाळी.

सोमवारी काका पावडर थापून आले. लॅम्प लावला तरी तोंड सगळीकडून सारखंच पांढरं. ओल्या टॉवेलने पुसून घेतलं, कोळशाची कांडी उचलली, आणि काकूने येऊन ट्यूब लावली.

"दिवे लागाच्या टायमाले अंधार करून काऊन बसले? लक्ष्मी दारातून वापस जाईन."

असं म्हणून तिने ट्यूबला हात जोडले. काकांनीही जोडले. सावली गेली ती गेलीच, वर काकांची मानही हलली. मंगळवारी, बुधवारी हेच. मी बटन बंद करायचो, ती लावायची, आणि दर वेळी काका भक्तिभावाने हात जोडायचे. गुरुवारी मी चिडून ट्यूबचा स्टार्टर काढून खिशात घातला. तर काकू बॅटरी घेऊन आली आणि तिने झोत थेट काकांच्या तोंडावर मारला.

"आता दिसते ना नीट?"

रागाने मी कागद फाडला. शुक्रवारी स्टार्टर परत बसवला आणि काही काढलंच नाही.

शनिवारी संध्याकाळी सगळ्या गल्लीची लाइट गेली. काका फाटकाशी जाऊन वीजवाल्यांचा उद्धार करू लागले. काकूने देवापुढे निरांजन लावलं आणि डोळे मिटून स्तोत्र म्हणत बसली. ज्योतीचा उजेड तिच्या एका गालावर, नथीवर, जोडलेल्या बोटांवर पडला होता. बाकी सगळी सावली. मी श्वास रोखून कोळसा उचलला. स्तोत्र लांबलचक होतं, देवाची कृपा.

लाइट आल्यावर काकूने चित्र पाहिलं. "अर्धं तोंड कुठी गेलं माह्यं?"

काकांनी चित्र उजेडात धरलं. मग म्हणाले, "असू दे. बरी दिसते तू." काकू पदर सारखा करत स्वयंपाकघरात गेली.

रविवारी सरांनी चित्र पास केलं. मी परीक्षेला बसणार म्हणून खुशीत घरी आलो तर दिवेलागण झालेली आणि घरात अंधार. देवापुढे काका धुतलेला सदरा घालून, डोळे मिटून, हात जोडून ताठ बसले होते. त्यांना एकही स्तोत्र येत नाही. निरांजन एका गालाशी, पावडर अजिबात नाही. काकू ट्यूबच्या बटनाला पाठ लावून उभी होती.

"आवाज नको करू," ती मला म्हणाली. "कवाचे बसले हायेत. काढ लवकर."

"आणि लक्ष्मी?"

"अंगणातला लाइट लावला ना. तिले तेवढा पुरते."