शिंपल्यांचं कालवण

लालबागची खोली सोडली त्या सकाळी टेम्पोची दोरी शेजारच्या सावंतकाकांनी बांधली. बांधलेली गाठ ते पुन्हा सोडत, पुन्हा आवळत. ड्रायव्हर वैतागला. आई म्हणाली, भावजी, पुरे आता, नालासोपाऱ्याला चाललोय, विलायतेला नाही. काका हसले नाहीत. जे चाळीत राहिले त्यांना हे आठवत असेल. आमच्यासारखे विरार-डोंबिवलीकडे पांगले, त्यांना आपापला टेम्पो आठवत असेल. पण याच सावंतकाकांनी एकदा आम्हाला चाळीबाहेर काढायचं ठरवलं होतं.

गिरण्यांचा संप लांबला होता. बाबा आणि काका एकाच गिरणीत, शेजारशेजारच्या साच्यांवर, म्हणजे मागांवर. दोघेही घरी. दुपारी पेज, रात्रीही पेज. कुठल्याशा गिरणीत चोरून माणसं आत घेतायत अशी कुजबुज सुरू झाली आणि जो तो दुसऱ्यावर नजर ठेवू लागला. पहाटे कोण बाहेर पडतं, कोणाच्या हातात पिशवी आहे. संशय बसला की नळावरही कोणी बोलत नसे. तळमजल्यावरच्या एका घराला तर बिऱ्हाडच हलवावं लागलं होतं.

आणि नेमके त्याच दिवसांत माझे बाबा उजाडायच्या आत पिशवी काखेत मारून निघत.

मी तेव्हा आठवीत होते, मला सगळं माहीत होतं. बाबा चालत दादरच्या चौपाटीवर जात. ओहोटीने पाणी मागे सरलं की ओल्या वाळूत बारीक भोकं दिसतात. तिथे बोटं घातली की पेराएवढ्या शिंपल्या हाताला लागतात. गावाला आम्ही त्यांना मुळे म्हणतो. पण गावात ते काम बायकांचं. लुगडं खोचून, घोळक्याने, टिंगलटवाळी करत. पुरुष होडीवर जाईल, जाळं टाकील, उकिडवा बसून वाळू उकरणार नाही. आई जाते म्हणाली, तर मुंबईत बायकोला वाळूत बसवू का, म्हणून बाबांनी तिलाही अडवलं. मग स्वतःच जायचे आणि कुणाला कळू द्यायचे नाहीत. खाऊन झालेली टरफलंसुद्धा पिशवीतून नेऊन समुद्रात टाकत. हा मानीपणा मला तेव्हाही वेडेपणाच वाटायचा, आजही वाटतो.

पण वासाचं काय करणार? सगळ्या मजल्यावर पेज शिजत असताना आमच्या दाराच्या फटीतून कालवणाचा वास गॅलरीभर जायचा.

एका संध्याकाळी कडी वाजली. सावंतकाका आणि मजल्यावरचे तिघे जण दारात उभे होते. मागे गॅलरीत बायका होत्या. काकांनी चपला काढल्या नाहीत. त्यांच्या घरी मी लहानाची मोठी झाले होते.

"सख्या, पहाटे खंय जातंस?"

काकांनी पुन्हा विचारलं. बाबांनी मान वर केली नाही. एका शब्दाने सगळं मिटलं असतं, आणि तो शब्द त्यांच्या तोंडून निघत नव्हता. तिघांतला एक म्हणाला, की मग काय ते आम्ही समजलो, उद्या सामान बांधा. मला ओरडून सांगावंसं वाटत होतं, पण बाबांनी माझ्याकडे असं बघितलं की माझी जीभच हलेना. त्या क्षणी मला बाबांचा राग आला, काकांच्या रागाहून जास्त.

आई उठली. तिने उंबऱ्यावर परात ठेवली आणि चुलीवरचा टोप उचलून तिच्यात सगळंच्या सगळं ओतलं. लाल पाण्यात शिंपल्या खळखळत पडल्या.

"बघा भावजी. ह्यां गिरणीत गावता काय?"

मग बाबा बोलले, अगदी हळू.

"मियाच काढतंय. दादरच्या चौपाटीर."

मला वाटलं आता कोणीतरी हसेल. बाबांनाही तेच वाटत असावं, त्यांनी डोळे मिटून घेतले होते. काका खाली वाकले. एक शिंपली उचलली, फुंकर घालून चोखली आणि उंबऱ्यातच मटकन बसले. टरफल बराच वेळ त्यांच्या मुठीत होतं. मग त्यांनी विचारलं, "उद्या सुकती कधी आसा?"

सुकती म्हणजे ओहोटी. दुसऱ्या दिवशी पहाटे चौघे जण पिशव्या घेऊन बाबांबरोबर निघाले, उजळ माथ्याने. संपाचं जे व्हायचं ते झालं, गिरणीत परत कोणालाच घेतलं नाही. पण आम्ही चाळीतच राहिलो, पुढे पुष्कळ वर्षं.

आता आमच्या फ्लॅटला सेफ्टी डोअर आहे, स्वयंपाकघरात एक्झॉस्ट फॅन आहे. समोरच्या दारावर कोणाचं नाव आहे ते मला पाटी वाचूनच कळतं. त्या संध्याकाळची भीती अजून अंगातून गेलेली नाही, आणि तरीही घर म्हटलं की मला तोच उंबरा दिसतो. बाजारात बारीक शिंपल्या मिळाल्या की घेऊन येते. कालवण रटरटायला लागलं की फॅन बंद करते, दोन्ही दारं सताड उघडते आणि वाट बघते, कोणीतरी येऊन जाब विचारील म्हणून.