एकटांग्या आणि सोमा गायकी

गोऱ्ह्याच्या मागच्या मांडीवर मी हात ठेवून दाबलं. कातडीखाली करकर आवाज आला. वाळलेल्या पानांवर पाय पडावा तसा.

भोवती सगळं गाव जमलं होतं. गोऱ्हा वामनरावांचा. गवळाऊ जातीचा, पांढराशुभ्र, येत्या हंगामात जुंपायचा म्हणून पोसलेला. आदल्या दिवशी संध्याकाळी तो लंगडत घरी आला आणि आता उभाही राहत नव्हता. याआधी गावातली अशीच तीन तरणी जनावरं गेली होती.

मी तेव्हा वर्धा जिल्ह्यात, कारंजा आणि आष्टीच्या मधल्या पट्ट्यात ढोरांचा डॉक्टर होतो. सरकारी हुद्दा मोठा लांबलचक होता, पण गावात सगळे 'ढोरडॉक्टर'च म्हणत. ऐंशीच्या आसपासची गोष्ट. सात-आठ वर्षं नोकरी झाली होती, त्यामुळे त्या करकरीचा अर्थ कळायला वेळ लागला नाही.

"एकटांग्या आहे," मी म्हणालो.

पुस्तकात याला फऱ्या म्हणतात. मातीत राहणारा जंतू चरताना पोटात जातो आणि मांडीच्या किंवा खांद्याच्या मांसात वाढतो. तिथे हवा धरते, म्हणून दाबलं की करकरतं. जनावर एका पायाने लंगडतं, म्हणून एकटांग्या. पहिल्या काही तासांत पेनिसिलिन दिलं तर एखादं वाचतं. हा गोऱ्हा त्या पलीकडे गेला होता. तरी मी इंजेक्शन दिलं.

पोलीस पाटील दादाराव माझ्या शेजारी उकिडवे बसले. शांत माणूस, बोलणं तोलूनमापून. ते म्हणाले, "डॉक्टरसाहेब, रोग असता तं म्हातारी ढोरं आधी मेली असती. हाडकुळी मेली असती. इथं तं निवडून निवडून चांगलीच मरून राह्यली. रोगाले काय डोळे असतात?"

"याच रोगाचं तसं आहे. धष्टपुष्ट, तरणं जनावर आधी धरतो."

"अन् पाय? मेलेल्या एका ढोराची मांडी आमी फाडून पाह्यली. आतून काळं ठिक्कर. मार लागल्याबिगर मांस असं काळं पडते का?"

मांडी फाडली हे ऐकून मी हबकलो. फाडलं की जंतू बाहेर पडतात आणि त्या जागी वर्षानुवर्षं राहतात. ते मी रागावून सांगितलं. पण दादारावांचं बोलणं कुठे चाललं होतं हेही कळलं होतं. गावाने गुन्हेगार आधीच ठरवला होता, सोमा गायकी.

गायकी म्हणजे गावाची गुरं राखणारा. सोमा गोंड होता. अखजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, जुना गायकी सोडून गेला आणि सोमा बायकोला घेऊन आला. गावाने त्याला आखराजवळ, म्हणजे सकाळी गुरं जमतात त्या जागेशेजारी, झोपडी बांधू दिली. एकमेकांशी दोघं गोंडीत बोलत, ते कोणाला कळत नसे. आणि पाऊस पडून गवत वाढलं तशी जनावरं मरू लागली.

"आधीच्या गायक्याच्या हाती एक ढोर मेलं नाई," वामनराव म्हणाले. "हा आला अन् सुरू झालं. याच्या हातात काठी असते. जवान ढोर पळते, हा मारते. मांडीवर मारते, म्हून लंगडते. सरळ गोष्ट हाये."

खरंच सरळ होती. आज विचार करतो तर त्यात एकही कडी मूर्खपणाची नव्हती. नवा माणूस, नवं संकट. लंगडणं, सूज, काळं मांस. मी जंतुशास्त्र शिकलो नसतो तर मीही तेच म्हणालो असतो.

मी म्हणालो, "दादाराव, गायकी अखजीला बदलतो. त्याच्या मागोमाग पाऊस येतो. हा रोग पावसातच येतो. दोन्ही एकदम आले म्हणून एकामुळे दुसरं झालं असं नाही."

"मंग बाजूच्या गावात काऊन नाई? पाऊस तं तिकडंही पडते."

"तिकडे मे महिन्यात लस टोचली. तुमच्याकडे यंदा आमचा माणूस आला तेव्हा गावात लग्नं होती. कोणी जनावरं आणली नाहीत."

वामनराव गोऱ्ह्याच्या अंगावरच्या माश्या हाकत राहिले. मला वाटलं, पटलं. आता वाटतं, ते सहन झालं नव्हतं. रोग म्हटला की चूक प्रत्येक घराची होत होती. सोमा म्हटलं की कोणाचीच नव्हती.

जाताना मी आखरावर थांबलो. सोमा उंच, काटक, तिशीचा. मी त्याला म्हणालो, "हा रोग आहे. तुझा यात काही दोष नाही. मी सगळ्यांना सांगितलं आहे."

तो जमिनीकडे पाहत होता. "काठी तं हातात राह्यतेच, साहेब. कधीमधी लागते बी."

"काठीने हे होत नाही."

"हो जी," तो म्हणाला. त्याची बायको झोपडीच्या दारात उभी होती. ती माझ्याकडे पाहतच राहिली. मी अजून काही बोलेन असं तिला वाटत असावं.

लस आमच्या दवाखान्यात नव्हती. ती वर्ध्याहून आणायची, बर्फ घातलेल्या थर्मासमधून. नाल्यांना पूर होता, एसटी बंद पडली. मी परत पोचलो तेव्हा वामनरावांचा गोऱ्हा मेला होता आणि आखराजवळची झोपडी रिकामी होती.

"मारलं नाई कोनी," दादारावांनी मी विचारायच्या आधीच सांगितलं. "हातही लावला नाई. बसून बोललो. म्हटलं, बाबा, तू जाय. गेला."

मी लस टोचली. यावेळी एकूण एक जनावर टोचायला आणलं होतं. टोचून झाल्यावर गावाला सांगितलं की लस लागू व्हायला दोन आठवडे लागतात, तोवर एखादं जनावर दगावू शकतं.

एकही दगावलं नाही.

पुढच्या फेरीत दादारावांनी मला चहा दिला. म्हणाले, "डॉक्टरसाहेब, तुमचे उपकार. पन एक सांगा. लस लागायले दोन आठवडे, हे तुमचंच बोलनं. मंग त्या दोन आठवड्यात ढोरं काऊन नाई मेली? लस लागली नव्हती. सोमा गेलता."

कोर्टात वकिलाने धरावं तसं त्यांनी मला धरलं होतं. मी विचारलं, "सोमा गेल्यावर गुरं कोण नेत होतं?"

"कोनी नाई. नवा गायकी मिळेपर्यंत गोठ्यातच बांधून होती. चारा कापून आनला."

"मग झालं तर! जंतू रानाच्या मातीत आहे. गुरं रानात गेलीच नाहीत. गायकी नव्हता म्हणून गोठ्यात राहिली, गोठ्यात राहिली म्हणून वाचली."

दादारावांनी मान डोलावली. शेजारी बसलेल्याला म्हणाले, "आयकलं? साहेबही तेच म्हनते. गायकी गेला म्हून वाचली."

मी पुन्हा समजावलं. मग पुन्हा एकदा. ते ऐकून घेत होते, मला मान देत होते, आणि माझ्या वाक्यातला अर्धाच भाग त्यांच्या उपयोगाचा होता.

पुढच्या वर्षी उन्हाळ्यात कारंजाजवळ हायवेवर एका धाब्यापाशी मोटारसायकल पंक्चर झाली. रस्त्याच्या कडेला खडी फोडणाऱ्यांत सोमा दिसला. त्याने ओळखलं, उठून आला.

"गुरं राखत नाहीस?"

"नाई जी. सोडलं."

"अरे, तो रोगच होता. लस दिल्यावर थांबला."

"बायकोही तेच म्हने. डॉक्टरनं सांगतलं, म्हने." त्याने हातावरची धूळ झटकली. "पन साहेब, त्या वामनरावच्या गोऱ्ह्याले मी मारलं होतं. नाल्यात शिरून राह्यला होता म्हून. मांडीवरच लागली. अन् संध्याकाळी तो लंगडला."

मी त्याला उन्हात उभा करून सगळं सांगितलं. जंतू, माती, पाऊस, लस. तो पंक्चरवाल्याचं काम होईपर्यंत ऐकत होता. शेवटी म्हणाला, "असंन जी. पन मी आलो अन् मेली, मी गेलो अन् थांबली. आता ढोराच्या अंगावर हात ठेवाले भेव वाटते." नमस्कार करून तो परत खडीकडे गेला.

माझी बदली होईपर्यंत मी त्या गावात दरवर्षी पावसाआधी लस टोचली. लग्नं असोत, काही असो, एक जनावर सुटू दिलं नाही. एकटांग्या पुन्हा आला नाही. नव्या गायक्याच्या हाती एकही गोऱ्हा लंगडला नाही, आणि गावात तो भाग्याचा समजला जाऊ लागला. सोमा त्या आळातून सुटायला एकच वाट होती. तो नसताना एखादं तरणं जनावर तसंच लंगडून मरायला हवं होतं. ते होऊ न देणं हेच माझं काम होतं आणि ते मी चोख केलं.

नोकरीत एवढं शिकलो की रोगाचं निदान करता येतं, उपचारही करता येतो. पण उपचार लागू पडला की निदान चुकलं होतं असं म्हणायला पुरावाच उरत नाही, मग ते निदान माझं असो की गावाचं.