कुलकर्णी आणि डॅनिश खिडकी

र्युसेल्सहाइमच्या मोटार कारखान्यात चार मराठी इंजिनियर असले की किस्से काढावे लागत नाहीत, आपोआप साठतात. त्यात आधीच जर्मनीतला नोव्हेंबर आणि वर आमच्या कुलकर्णींनी घरी काढलेला फिल्म क्लब. दुष्काळात तेरावा महिना!

*

पहिलाच सिनेमा डॅनिश, खाली जर्मन सबटायटल्स. समुद्राकाठी एक घर, त्यात हिरो. बायको सोडून जाते आणि मग हा जगण्याचा अर्थ शोधतो. अर्थ बहुधा खिडकीबाहेर असावा, कारण दोन तास बुवा तिकडेच बघत होता.

आमच्या पाटलाला राहवेना. "याला ऑफिस नाही का हो?"

"गेनाऊ! अगदी बरोबर!" कुलकर्णी खूश. "हाच तर मूळ प्रश्न आहे!"



*

एकदा हिरो खिडकीशी उभा राहिला तो हलेचना. मग आम्हीही हललो नाही. कुलकर्णी कुजबुजले, "बघा, ही शांतता किती बोलतेय!"

चहा घेऊन आलेल्या त्यांच्या मिसेस, सुनीतावहिनी, म्हणाल्या, "अहो, डीव्हीडी अडकलीय."

*

वहिनी पुण्यात कॉलेजात केमिस्ट्री शिकवायच्या. इथे दिवसभर फ्लॅटमध्ये एकट्या. जिन्यात शेजारीण 'हालो' म्हणाली, की झालं दिवसभराचं बोलणं!

एकदा आमच्यासमोरच त्या म्हणाल्या, "मला जर्मनच्या क्लासला तरी घाला, नाहीतर आईकडे जाऊ द्या."

"आल्झो, म्हणजे, बघू," असं म्हणून कुलकर्णी आम्हाला आधुनिक माणसाचं एकटेपण समजावू लागले. मला असा राग आला म्हणून सांगू! त्यांना कशाचाच पत्ता नव्हता.

*

पाटलाने एकदा मराठी विनोदी सिनेमाची सीडी आणली. दहा मिनिटांत कुलकर्णींनी नाक मुरडलं. "यात सगळे सारखे एकमेकांशी बोलतातच!"

"हो ना," वहिनी म्हणाल्या, "किती छान!"

*

मग एका रविवारी दुपारी तोच डॅनिश सिनेमा पुन्हा, या वेळी चर्चेसह. प्रोजेक्टर कुलकर्णींनी हाताशी लागलेल्या कशावर तरी टेकवला होता. हिरोची बायको जाते तिथे कुलकर्णींनी सिनेमा थांबवला. "इथे मात्र दिग्दर्शकाने अति केलंय. बायको जायची तयारी करतेय आणि घरातल्या माणसाला दिसत नाही? पटतं का तुम्हाला?"

सुनीतावहिनी दारात उभ्या होत्या. अंगात कोट, हातात पासपोर्ट.

"अहो," त्या म्हणाल्या, "तेवढा प्रोजेक्टर उचला. त्याच्याखाली माझी बॅग आहे."